झाशीची वारसा-फेरी : तटबंदीआतील शहर, मराठी खुणा आणि रस्त्यावरचे खाणे

झाशी (उत्तर प्रदेश) : दिल्लीहून भोपाळकडे जाणाऱ्या लोहमार्गावरील झाशी हे मोठे जंक्शन आहे. डिसेंबर २०२१ मध्ये या स्थानकाला वीरांगना लक्ष्मीबाईंचे नाव देण्यात आले. तथापि येथे उतरणाऱ्या अनेक पर्यटकांचे गंतव्य झाशी नसते. सुमारे १८ किलोमीटरवरील ओरछा किंवा पावणेदोनशे किलोमीटरवरील खजुराहो गाठण्यासाठी ते स्थानकाबाहेर वाहन धरतात. जे थांबतात ते किल्ला पाहतात, तोफेशेजारी छायाचित्र काढतात आणि तासा-दोन तासांत पुढे निघतात. किल्ल्याच्या पायथ्याशी, एकेकाळच्या तटबंदीच्या आत वसलेले जुने शहर या घाईत पाहायचे राहून जाते. जाणकार मार्गदर्शकासह, लहान गटाने, गल्ल्यांतून पायी आणि वाटेत खाण्याच्या ठेल्यांवर थांबत केलेली वारसा-फेरी हा त्या शहरापर्यंत पोहोचण्याचा सर्वांत सोपा मार्ग होय.

भारतात अशा फेऱ्यांची पद्धत अहमदाबादमुळे रूढ झाली. तेथील महापालिकेच्या पुढाकाराने १९ नोव्हेंबर १९९७ रोजी सुरू झालेली फेरी काळुपूरच्या स्वामिनारायण मंदिरापासून निघते आणि जामा मशिदीपाशी संपते. १९ नोव्हेंबर ही परंपरेने राणी लक्ष्मीबाईंची जन्मतिथीही मानली जाते. हा केवळ योगायोग. अहमदाबादच्या फेरीत वाडे, पोळ आणि लाकडी कोरीवकाम अजून उभे आहे. झाशीची अडचण याहून वेगळी आहे. या शहराचा मोठा भाग १८५८ च्या एप्रिलमध्ये लुटला आणि जाळला गेला. त्यामुळे येथे मार्गदर्शकाला जे दिसते तेवढेच दाखवून भागत नाही. जे उरले नाही तेही सांगावे लागते, आणि नेमक्या याच ठिकाणी इतिहास व दंतकथा यांची सरमिसळ होते.

बांगरा टेकडीवरील किल्ला ओरछ्याचे बुंदेला राजे वीरसिंहदेव यांनी १६१३ मध्ये बांधला. त्या वेळी खाली वसलेल्या गावाचे नाव बलवंतनगर होते. ओरछ्याहून दूरवर पाहताना टेकडीवरील किल्ला सावलीसारखा, ‘झाँई-सी’, दिसला आणि त्यावरून झाशी हे नाव पडले, अशी आख्यायिका सांगितली जाते. मोहम्मदखान बंगशाच्या स्वारीत पहिल्या बाजीरावाने केलेल्या मदतीची परतफेड म्हणून महाराजा छत्रसाल यांनी आपल्या राज्याचा सुमारे तिसरा हिस्सा पेशव्यांना दिला. बुंदेलखंडात मराठी सत्तेचे पाऊल अशा रीतीने पडले.

१७४२ मध्ये नारो शंकर झाशीचे सुभेदार झाले. नाशिककरांना हे नाव गोदाकाठच्या नारोशंकर मंदिरामुळे आणि तेथील घंटेमुळे परिचित आहे. मालेगावचा भुईकोटही त्यांचाच. झाशीच्या किल्ल्याला त्यांनी जोडलेला विस्तार शंकरगढ म्हणून ओळखला जातो. ओरछ्याहून लोक आणून त्यांनी शहराची वस्तीही वाढविली. किल्ल्यात फिरताना बुंदेला बांधकाम कोठे थांबते आणि मराठी बांधकाम कोठे सुरू होते, हे मार्गदर्शकाकडून आवर्जून समजून घ्यावे. फलकांवरून ते सहज ध्यानी येत नाही.

पुढे झाशीची सुभेदारी नेवाळकर घराण्याकडे आली. कोकणात लांजा तालुक्यातील कोट आणि खानदेशात पारोळा या गावांशी या घराण्याचे नाव जोडलेले आहे. रघुनाथराव हरी नेवाळकर यांनी महालक्ष्मीचे मंदिर आणि आज राणी महाल म्हणून ओळखला जाणारा वाडा उभारला. गंगाधरराव नेवाळकर हे नाट्य आणि ग्रंथ यांचे शौकीन होते. १८४२ मध्ये मणिकर्णिका तांबे यांच्याशी त्यांचा विवाह झाला आणि त्या लक्ष्मीबाई झाल्या. २१ नोव्हेंबर १८५३ रोजी गंगाधररावांचे निधन झाले. दत्तक पुत्र दामोदररावांचा वारसा कंपनी सरकारने नाकारला आणि १८५४ मध्ये संस्थान खालसा केले.

किल्ल्यात प्रवेश करताच ‘कडक बिजली’ तोफ दिसते. तिच्याशी गोलंदाज गुलाम गौस खान यांचे नाव जोडलेले आहे. खुदाबक्ष आणि मोतीबाई यांच्यासह त्यांची समाधी किल्ल्यातच आहे आणि तेथे थांबणारे पर्यटक तुलनेने कमी असतात. गर्दी असते ती तटावरील एका जागेपाशी. पुत्राला पाठीशी बांधून राणींनी येथूनच घोड्यासह उडी घेतली, असे तेथे सांगितले जाते. तटाची उंची पाहता हे कसे घडले असेल, असा प्रश्न शाळकरी मुलेही विचारतात. चरित्रकारांनी सांगितलेला मार्ग वेगळा आहे. रात्रीच्या अंधारात मोजक्या स्वारांसह राणी शहराच्या उत्तरेकडील भांडेरी दरवाजाने बाहेर पडल्या, भांडेरला पोहोचल्या आणि तेथून त्यांनी काल्पी गाठली. वेढा फोडून रातोरात पाठलाग चुकविणे हे उडीपेक्षा कमी धाडसाचे नव्हते. चांगला मार्गदर्शक या जागेवर दोन्ही कथा सांगतो आणि त्यांतील कोणती लोकांची व कोणती कागदांची हे स्पष्ट करतो.

कागदांमध्ये मराठी वाचकाला सर्वांत जवळचा आहे तो विष्णुभट गोडसे यांचा ‘माझा प्रवास’. पेणजवळच्या वरसईचे हे भिक्षुक १८५७ मध्ये द्रव्यार्जनासाठी उत्तरेकडे निघाले आणि बंडाच्या धामधुमीत सापडले. झाशीचा वेढा व पाडाव त्यांनी शहरात राहून अनुभवला. घरी परतल्यानंतर बऱ्याच वर्षांनी, १८८३ च्या सुमारास, त्यांनी ही हकीकत लिहून काढली. चिंतामण विनायक वैद्य यांनी ती १९०७ मध्ये प्रसिद्ध केली, मात्र तिच्यात फेरफार करून. मूळ संहिता पुढे दत्तो वामन पोतदार यांनी संपादित केली. गोडसे यांचे लेखन स्मरणावर आधारलेले आहे, त्यामुळे त्यातील प्रत्येक तपशील जसाच्या तसा घेता येत नाही. पण त्या दिवसांत शहराच्या गल्लीबोळांत काय घडले हे आतून सांगणारा असा दुसरा मराठी साक्षीदार नाही.

सर ह्यू रोज यांचे सैन्य २१ मार्च १८५८ रोजी झाशीसमोर आले. मदतीला निघालेल्या तात्या टोपे यांचा १ एप्रिलला बेतवेच्या काठी पराभव झाला. ३ एप्रिलला इंग्रज सैन्य तट चढून शहरात शिरले. त्यानंतर घराघरांतून कत्तल आणि लूट झाली. संस्थानचा ग्रंथसंग्रहही नष्ट झाला. शहरातील पहिल्या आगींपैकी एक हलवाईपुऱ्यात, म्हणजे मिठाई करणाऱ्यांच्या वस्तीत, लागल्याचे राणींच्या चरित्रांत नमूद आहे. खाद्यफेरीत सकाळची पहिली जिलेबी हातात घेताना हा संदर्भ ठाऊक असलेला बरा.

यानंतरची तीस वर्षे फेऱ्यांमध्ये क्वचितच सांगितली जातात. १८६१ मध्ये इंग्रजांनी झाशीचा किल्ला आणि शहर ग्वाल्हेरच्या जयाजीराव शिंदे यांच्या स्वाधीन केले आणि आपले जिल्हा ठाणे शेजारच्या नौआबाद येथे हलविले. १८८६ मध्ये ग्वाल्हेरच्या किल्ल्याच्या बदल्यात झाशी पुन्हा इंग्रजांकडे आली. त्याच दशकाच्या अखेरीस रेल्वेचे जाळे येथे पोहोचले. आजच्या झाशीची विस्कळीत रचना यातून समजते. तटबंदीआतील जुने शहर एकीकडे, छावणी आणि तिचा सदर बाजार दुसरीकडे, तर रेल्वे वसाहतीच्या बाजूने वाढलेला सिपरी बाजार तिसरीकडे.

खाण्याच्या दृष्टीनेही या भागांचा स्वभाव वेगळा आहे. सदर बाजारात सायंकाळी चाट, टिक्की आणि पाणीपुरीची गर्दी असते. हे पदार्थ चविष्ट असले तरी उत्तर भारतातील कोणत्याही छावणी-शहरात मिळणारे आहेत. जुन्या शहरात, माणिक चौक आणि बडा बाजार परिसरात, सकाळ कचोरी, बटाट्याची रस्सा भाजी आणि जिलेबीने सुरू होते. बुंदेलखंडाची स्वतःची चव शोधायची असेल तर डाळी आणि ताकाकडे वळावे लागते. मूगडाळ भरड वाटून, त्यात हिरवी मिरची व आले घालून तळलेले मंगोडे हे मराठी मूगभज्यांचे सख्खे भावंड. आल्यासाठी जिल्ह्यातीलच बरुआसागर प्रसिद्ध आहे. उडदाच्या डाळीचे ‘बरा’ तळून, मऊ करून मसालेदार ताकात सोडले जातात. लग्नकार्याच्या पंगतीतही त्यांना मान असतो. ‘सन्नाटा’ हे नाव मात्र नवख्याला चकवते. आंबट ताकाचे ते पातळ, तिखटजाळ रायते आहे. घोट घेताच बोलणे थांबते, म्हणून सन्नाटा, अशी व्युत्पत्ती लोक हसत सांगतात.

या खाण्यामागे भूगोल आहे. बुंदेलखंड हा वारंवार अवर्षणाला तोंड देणारा, खडकाळ जमिनीचा प्रदेश. कोदो, कुटकी यांसारखी भरडधान्ये, डाळी, बोरे आणि मोहफुले यांवर येथील सामान्य घर चालत आले. मोहफुले भाजून-कुटून केलेला ‘लाटा’ आणि ती शिजवून केलेली ‘डुभरी’ हे पदार्थ गडचिरोली-गोंदियाच्या वाचकाला परके वाटणार नाहीत. पावसाच्या पाण्यावर येणारा कठिया गहू हा महाराष्ट्रातील बन्सी गव्हाच्या जातकुळीतला. बुंदेलखंडाच्या कठिया गव्हाला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले आणि त्याच्या दलियाची मागणी वाढू लागली. तांदळाच्या पिठाचे अनारसेही या भागात होतात. दिवाळीत आणि अधिक मासात अनारसे करणाऱ्या मराठी घराला ही ओळख सुखावणारी आहे. तो पदार्थ मराठ्यांबरोबर येथे आला असे मात्र कोणी सांगितल्यास सावधपणे ऐकावे, कारण अनारसे बिहारपर्यंत होतात.

हाच इशारा ‘राणींच्या आवडीचा पदार्थ’ म्हणून विकल्या जाणाऱ्या प्रत्येक गोष्टीला लागू आहे. मोहाचे आणि भरडधान्याचे पदार्थ मुळात रस्त्यावरचे नाहीत, ते घरचे आहेत. ठेल्यावर ते अभावानेच मिळतात. म्हणून ज्या फेरीत एखाद्या स्थानिक कुटुंबाच्या स्वयंपाकघरातील न्याहारीचा समावेश असतो, ती केवळ चाटच्या ठेल्यांवर थांबणाऱ्या फेरीपेक्षा अधिक काही देते.

किल्ल्यावरून उतरल्यानंतर पायी अंतरावर राणी महाल लागतो. संस्थान खालसा झाल्यावर लक्ष्मीबाई किल्ला सोडून येथे राहिल्या. त्यांना दरमहा ५ हजार रुपयांचे निवृत्तिवेतन देऊ करण्यात आले होते. आज येथे भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाचे संग्रहालय असून परिसरातील मध्ययुगीन शिल्पे मांडलेली आहेत. दरबार दालनाच्या छतावरील रंगीत नक्षी हा मूळ वास्तूचा सर्वांत बोलका अवशेष. शिल्पे पाहण्याच्या नादात वर पाहायचे राहून जाते.

राणी महालाभोवतीची दाट वस्ती आणि बाजार हा फेरीचा सर्वांत जिवंत भाग, आणि सर्वांत नाजूकही. प्राचीन स्मारकांविषयीच्या १९५८ च्या कायद्यात २०१० मध्ये झालेल्या दुरुस्तीनुसार संरक्षित स्मारकापासून १०० मीटरपर्यंत नव्या बांधकामाला मनाई आहे आणि त्यापुढील २०० मीटरचा पट्टा नियंत्रित आहे. घराच्या दुरुस्तीलाही परवानगी लागते. वास्तूला त्यामुळे संरक्षण मिळते, तर शेजारच्या जुन्या घरातील कुटुंबाला गळके छप्पर बदलण्यासाठी कार्यालयाच्या पायऱ्या चढाव्या लागतात. हातगाडीवाल्यांसाठी २०१४ चा पथविक्रेता कायदा आहे. सर्वेक्षण होऊन विक्री प्रमाणपत्रे दिली जाईपर्यंत विद्यमान विक्रेत्यांना हटवू नये, असे तो सांगतो. सुशोभीकरणाची योजना आली की या तरतुदीची कसोटी लागते. झाशीची २०१७ मध्ये स्मार्ट सिटी योजनेत निवड झाली आणि जुन्या जागांच्या डागडुजीला गती आली. ज्या ठेल्यांसाठी पर्यटक येतात ते ठेले या डागडुजीत जागेवर राहतात का, यावर खाद्यफेरीचे भवितव्य अवलंबून आहे.

शहरातील महाराष्ट्र गणेश मंदिराचे दर्शन मराठी पर्यटकाने चुकवू नये. गंगाधरराव व लक्ष्मीबाई यांचा विवाह येथे झाल्याचे सांगितले जाते आणि गणेशोत्सवात येथील मराठी कुटुंबे एकत्र येतात. जवळच ‘पानीवाली धर्मशाला’ आहे. नाव धर्मशालेचे असले तरी ती पायऱ्यांची जुनी विहीर आहे.

फेरीसाठी ऑक्टोबर ते मार्च हा काळ योग्य. मे-जूनमध्ये येथील तापमान ४५ अंशांच्या पुढे जाते आणि दगडी तट सायंकाळनंतरही तापलेला असतो. सकाळी निघून उन्हापूर्वी संपणारी किंवा दुपार उलटल्यावर सुरू होणारी फेरी सोयीची ठरते. मार्गदर्शक निवडताना त्याचा शासकीय परवाना पाहावा. पाण्याची बाटली सोबत ठेवावी आणि समोर तळलेले गरम पदार्थच घ्यावेत.

लक्ष्मी दरवाजातून बाहेर पडले की नेवाळकरांच्या कुलदैवतेचे महालक्ष्मी मंदिर आणि लक्ष्मी ताल लागतो. तलावाच्या काठी गंगाधररावांची छत्री आहे. ती लक्ष्मीबाईंनी पतीच्या निधनानंतर बांधून घेतली. बहुतेक फेऱ्या येथे थांबतात. राणींची समाधी झाशीत नाही. जून १८५८ मध्ये ग्वाल्हेरला त्यांना वीरमरण आले आणि समाधी तेथील फुलबागेत आहे. दामोदरराव पुढे इंदूरला राहिले आणि १९०६ मध्ये तेथेच त्यांचे निधन झाले. त्यांच्या वंशजांनी आडनाव लावले ते ‘झाशीवाले’.