बिल्गिनेर, हालुक
बिल्गिनेर, हालुक : (५ जून १९५४ – ). तुर्की रंगभूमी, चित्रपट व दूरचित्रवाणी यांवरील अभिनेता आणि नाट्यनिर्माता. जन्म इझ्मिर येथे. अंकारा येथील शासकीय संगीत-नाट्य विद्यालयातून १९७७ मध्ये पदवी घेऊन त्याने पुढील अभिनयशिक्षण लंडनमध्ये घेतले. बीबीसीच्या ‘ईस्टएंडर्स’ या मालिकेत मेहमेत उस्मान ही भूमिका त्याने १९८५ पासून केली.

तुर्कस्तानात परतल्यावर त्याने अहमेत लेवेंदोग्लू व अभिनेत्री झुहाल ओलजाय यांच्यासह ‘तियात्रो स्तुद्योसू’ (१९९०) आणि पुढे ओलजायसह इस्तंबूलमध्ये ‘ओयुन अतोल्येसी’ (१९९९) या नाट्यसंस्था स्थापन केल्या. दुसऱ्या संस्थेने २०१२ मध्ये लंडनच्या ग्लोब रंगमंदिरात ‘अँटनी अँड क्लिओपात्रा’चा तुर्की प्रयोग सादर केला, त्यात तो अँटनी होता (→ शेक्सपिअर, विल्यम).

झेकी देमिरकुबुझच्या ‘मासुमियेत’ (१९९७) चित्रपटात त्याने बेकिरची भूमिका केली. एका स्त्रीमागे गावोगाव फिरण्यात गेलेले आयुष्य बेकिर दीर्घ स्वगतवजा निवेदनातून सांगतो. नुरी बिल्गे जेयलानच्या ‘कश उयकुसू’मध्ये (२०१४) तो कॅपाडोशियात हॉटेल चालवणारा निवृत्त नट आयदन आहे, या चित्रपटाला कान महोत्सवात सुवर्णताड पारितोषिक मिळाले (→ कान चित्रपट महोत्सव). ‘बेन-हर’ (२०१६) व ‘हॅलोवीन’ (२०१८) हे त्याचे इंग्रजी चित्रपट होत.

‘शाहसियेत’ (२०१८) या मालिकेत स्मृतिभ्रंश जडल्याचे कळल्यावर हत्या करू लागलेला न्यायालयातील निवृत्त कर्मचारी आगाह त्याने साकारला. त्यासाठी २०१९ मध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा आंतरराष्ट्रीय एमी पुरस्कार मिळवणारा तो पहिला तुर्की अभिनेता ठरला.

(पहा : तुर्की रंगभूमी, तुर्की चित्रपट.)