हेगच्या न्यायालयात ‘सरंजाम’

युरोपच्या नकाशावर नेदरलँड्सच्या दक्षिण टोकाला भिंग लावून पाहिले, तर बार्ल नावाचे एक गाव सापडते. म्हणायला गाव एक, पण नगरपालिका दोन. बार्ल-नासाऊ ही नेदरलँड्सची, बार्ल-हेर्टोग ही बेल्जियमची. नदीच्या या काठी एक आणि त्या काठी दुसरी, असा सरळ मामला असता तर त्याच्यावर लिहिण्याचे कारण नव्हते. इथे बेल्जियमचे बावीस तुकडे नेदरलँड्सच्या पोटात विखुरलेले आहेत, आणि त्या तुकड्यांच्या पोटात पुन्हा नेदरलँड्सचे सात तुकडे आहेत. आणखी एक डच तुकडा थेट बेल्जियमच्या मुख्य भूमीत जाऊन बसला आहे. सीमारेषा रस्त्यावरून जाते, दुकानातून जाते, कुणाच्या माजघरातूनही जाते. घराचे मुख्य दार ज्या देशात उघडते तो त्या घराचा देश, असा तिथला रिवाज. एका घराच्या तर दारातूनच रेषा गेली आहे, त्यामुळे त्या घराला दोन क्रमांक आहेत.

या गुंत्याचे मूळ ११९८ सालच्या एका व्यवहारात आहे. ब्राबांटचा सरदार पहिला हेन्री याने ब्रेडाच्या जहागीरदाराला बार्लची जमीन दिली. पण जिथे वस्ती होती, ज्या जमिनीतून उत्पन्न येत होते, ते तुकडे स्वतःकडे ठेवले. दिली ती बहुतेक पडीक. देणाऱ्याने चतुराई केली खरी, पण त्याच्या चतुराईची वाटणी पुढच्या आठशे वर्षांतल्या माणसांनी निस्तरली. बेल्जियम वेगळा झाल्यावर १८४३ साली दोन्ही देशांचे अधिकारी सीमा आखायला बसले. बार्लपाशी येऊन त्यांनी हात टेकले. तेवढ्या पट्ट्यात रेषा ओढायचीच नाही, त्याऐवजी प्रत्येक भूखंडाचे राष्ट्रीयत्व यादीत लिहायचे, असे ठरले. अशा भूखंडांची संख्या ५७३२ भरली!

ही नुसती गंमत नव्हती. पहिल्या महायुद्धात जर्मनांनी जवळजवळ सगळा बेल्जियम व्यापला, पण बार्ल-हेर्टोगचे तुकडे मोकळे राहिले. तिथे पोहोचायचे तर तटस्थ नेदरलँड्समधून जावे लागले असते. बेल्जियमने १९१५ साली त्या तुकड्यात बिनतारी संदेशाचे केंद्रच उभारले. अगदी अलीकडे, २०२० च्या साथीत, तिथल्या एका कापडाच्या दुकानाचा बेल्जियममधला भाग पट्टी बांधून बंद ठेवला होता आणि डच भागात विक्री चालू होती.

त्या ५७३२ भूखंडांपैकी दोन, क्रमांक ९१ आणि ९२, हे पुढे भांडणाचे कारण झाले. जुन्या दप्तरात ते डच गावाच्या नावावर होते, १८४३ च्या करारात बेल्जियमच्या. नेदरलँड्स म्हणे, ही नक्कल करणाऱ्याची चूक. शिवाय वहिवाट आमची. शेताच्या उताऱ्यावरची एक ओळ काय करू शकते, हे सीमाभागातल्या वाचकांना वेगळे सांगायला नको. प्रकरण हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेले. २० जून १९५९ रोजी दहा विरुद्ध चार मतांनी निकाल लागला : चूक सिद्ध झालेली नाही, वहिवाटीने करार पुसला जात नाही, भूखंड बेल्जियमचे.

आता खरी गोष्ट पुढेच आहे. त्याच न्यायालयाच्या दप्तरात त्याच वेळी आणखी एक वेढलेल्या भूमीचा खटला होता, आणि त्यात वादी पोर्तुगाल, प्रतिवादी भारत. वाद होता दादरा आणि नगर हवेली या दमणच्या मागे, आत जमिनीवर असलेल्या दोन पोर्तुगीज मुलखांचा. दमणहून तिथे जायचे तर भारताच्या हद्दीतून जाण्याला पर्याय नव्हता.

जुलै १९५४ मध्ये गोमंतकीय स्वातंत्र्यवाद्यांनी दादरा घेतले आणि २ ऑगस्टला सिल्वासा मुक्त झाले. राजा वाकणकर आणि गायक-संगीतकार सुधीर फडके त्या मोहिमेत होते, हे आपल्याकडे पुष्कळांना ठाऊक असते. त्या दिवसांत भारताने पोर्तुगीजांना आपल्या हद्दीतून जाऊ देणे बंद केले. पोर्तुगालचे म्हणणे : आम्हाला या वाटेचा हक्क आहे, तो तुम्ही मोडला. डिसेंबर १९५५ मध्ये पोर्तुगाल संयुक्त राष्ट्रसंघात दाखल झाला आणि त्याच महिन्यात त्याने हा दावा गुदरलासुद्धा.

हक्क कशावरून? तर १७७९ च्या पुण्याच्या तहावरून. तो काळ सवाई माधवरावांच्या बालपणाचा, कारभार नाना फडणीसांचा आणि दारात इंग्रजांशी युद्ध. पोर्तुगीज फिरंगी निदान शत्रूच्या बाजूला जाऊ नये, म्हणून बारा हजार रुपये उत्पन्नाची गावे त्याला लावून देण्याचे ठरले. १७८३ आणि १७८५ साली तशा सनदा निघाल्या. पोर्तुगाल म्हणे, पेशव्यांनी हा मुलूख आम्हाला सार्वभौमत्वासह दिला. आणि मुलूख दिला म्हणजे तिथे जायची वाटही दिली.

इथे हेगमधल्या न्यायाधीशांना आपल्या शब्दांपाशी थांबावे लागले. भारताच्या बाजूने ॲटर्नी जनरल मोतीलाल सेटलवाड होते, आणि भारताने नेमलेले खास न्यायाधीश म्हणून महंमद करीम छगला न्यायासनावर. सनदांतले शब्द होते ‘जहागीर’ आणि ‘सरंजाम’. सरंजाम म्हटले की आज आपल्या डोळ्यांपुढे लग्नाचा नाही तर पूजेचा थाट येतो, फार तर ‘सरंजामशाही’. पेशव्यांच्या दप्तरात मात्र त्याला नेमका अर्थ होता : चाकरीसाठी किंवा मर्जी म्हणून लावून दिलेला महसूल. जमीन सरकारची, धारा धारकाचा. आणि सरकारच्या मनात आले तर तोही परत घेता येई. सरंजाम दिला म्हणजे राज्य दिले, असा अर्थ लावल्याचे एकही उदाहरण पुढे आलेले नाही, असे न्यायालयाने नमूद केले. मराठ्यांनी महसूल दिला होता, सार्वभौमत्व नव्हे.

एवढ्यावर खटला संपला असता तर बरे वाटले असते. पण न्यायालयाने पुढे पाहिले. १८१८ नंतर इंग्रज आले. त्यांनी या गावांत पोर्तुगीजांचे राज्य चालू दिले, म्हणजे न बोलता मान्य केले. सव्वाशे वर्षे माणसे, मुलकी अधिकारी आणि माल अडवणुकीशिवाय जात-येत राहिला. म्हणून तेवढ्यापुरता हक्क वहिवाटीने निर्माण झाला, असे न्यायालयाने अकरा विरुद्ध चार मतांनी ठरवले. गंमत पाहा, बार्लमध्ये दहा महिन्यांपूर्वी ज्या वहिवाटीला किंमत मिळाली नव्हती, तिला इथे मिळाली. मला यात विसंगती दिसत नाही. तिथे वहिवाटीसमोर स्पष्ट करार उभा होता, इथे करारच लंगडा होता.

सैन्य, सशस्त्र पोलीस आणि दारूगोळा यांचे काय? तो हक्क नाही, असा कौल आठ विरुद्ध सात, म्हणजे एका मताने, लागला. इथेही जुने कागद कामी आले. १७४१ च्या मराठा-पोर्तुगीज तहात कलम होते की एकाच्या शिपायाने दुसऱ्याच्या परगण्यात परवानगीवाचून शिरू नये, शिरलाच तर पकडावा. इंग्रजांच्या १८७८ च्या तहातही सैन्यासाठी रीतसर विनंतीची अट होती. ते एक मत पलीकडे पडले असते तर? कल्पना करवत नाही असे नाही, पण इतिहासकाराने त्या वाटेला जाऊ नये.

शेवटचा प्रश्न, भारताने हक्क मोडला का? १२ एप्रिल १९६० च्या निकालात नऊ विरुद्ध सहा मतांनी उत्तर आले : नाही. दादऱ्याच्या घटनेनंतर आसपास तणाव होता, आणि येण्याजाण्याचे नियमन करण्याचा भारताचा अधिकार त्यात बसत होता. पोर्तुगालला हक्क मिळाला, पण गेलेला मुलूख हाती आला नाही.

सात वर्षे दादरा आणि नगर हवेलीचा कारभार तिथली वरिष्ठ पंचायत पाहत होती. प्रदेश मुक्त होता, पण कागदोपत्री भारतात नव्हता. विलीनीकरणाच्या करारावर सही करायला दुसऱ्या बाजूला कुणीतरी राज्यप्रमुख हवा. तेव्हा बदलानी नावाच्या भारतीय सनदी अधिकाऱ्यालाच त्या प्रदेशाचा पंतप्रधान करण्यात आले. ११ ऑगस्ट १९६१ ला त्यांनी त्या नात्याने सही केली, समोर पंडित नेहरू. नंतर दहावी घटनादुरुस्ती झाली.

२६ जानेवारी २०२० पासून हा प्रदेश दमण आणि दीव यांच्याबरोबर एकच केंद्रशासित प्रदेश आहे. दादरा आजही नगर हवेलीपासून तुटलेले, चहूकडून गुजरातने वेढलेले आहे. आणि नगर हवेलीच्या पोटात मेघवाळ म्हणून एक गाव आहे, ते गुजरातचे.