दमट हवेचे उत्तर

आमच्या शाळेत भूगोलाच्या पेपरात एक प्रश्न हमखास येई : ‘मुंबईत कापड गिरण्यांचा विकास का झाला?’ उत्तरातला पहिला मुद्दा दमट हवेचा. बंदर, रेल्वे, भांडवल, मजूर हे सगळे त्यानंतर. दमट हवा लिहायची राहिली तर गुण जात. मीही ती इमानेइतबारे लिहीत आलो. पुढे कधीतरी एक साधी शंका मनात आली. दमट हवा रत्नागिरीलाही आहे. मग गिरण्या तिथे का निघाल्या नाहीत? उलट रत्नागिरीची माणसेच गिरणीत काम शोधायला मुंबईला का आली?

या उत्तरात खरे किती आहे ते आधी पाहू. कापसाचा तंतू सेल्युलोजचा बनलेला असतो आणि तो हवेतले बाष्प शोषून घेतो. सापेक्ष आर्द्रता ६५ टक्के असताना कापसात त्याच्या कोरड्या वजनाच्या साधारण ७ ते ८ टक्के पाणी असते. या पाण्यामुळे कापूस अधिक बळकट होतो. (लोकरीचे नेमके उलट आहे.) हवा कोरडी असेल तर तंतू ठिसूळ होतात. शिवाय घर्षणाने त्यांच्यावर स्थिर विद्युतभार साठतो, ते एकमेकांना दूर लोटतात, पिंजारतात आणि धागा तुटतो. तुटलेला धागा कामगाराने जोडेपर्यंत ती चाती वाया जाते. हजारो चात्यांच्या गिरणीत हा तोटा लहान नव्हे. इंग्लंडमध्ये अटलांटिकवरून येणारे ओले वारे पेनाइन डोंगररांगेला अडतात आणि तिच्या पश्चिमेला लँकेशायर आहे, हे पुस्तकात लिहिलेले असते ते याचसाठी.

पण त्याच लँकेशायरमध्ये १९ व्या शतकाच्या उत्तरार्धात विणकामाच्या शेडमध्ये वाफ सोडली जात होती! ताण्याच्या सुताला चिनी माती मिसळलेली भरपूर खळ लावत आणि असा ताणा कोरड्या हवेत टिकत नसे. कोंदट वाफेत दिवसभर उभे राहणाऱ्या कामगारांनी याविरुद्ध आंदोलने केली. अखेर १८८९ मध्ये ब्रिटिश पार्लमेंटला शेडमधील आर्द्रतेवर मर्यादा घालणारा कायदा करावा लागला. निसर्गाने दिलेली ओल पुरेशी असती तर या कायद्याची वेळच आली नसती.

आता आपल्याकडचे उदाहरण घेऊ. मुंबईची पहिली गिरणी कावसजी नानाभाई दावर यांनी १८५४ मध्ये स्थापन केली. पण १८६१ मध्ये रणछोडलाल छोटालाल यांची गिरणी सुरू झाली ती कोरड्या अहमदाबादेत. आणि जमशेटजी टाटांनी आपल्या एम्प्रेस मिलसाठी निवडले नागपूर. १ जानेवारी १८७७ रोजी ती सुरू झाली. नागपूरचा मे महिना ज्यांनी अनुभवला आहे त्यांना तिथल्या हवेबद्दल वेगळे सांगायला नको. टाटांचा हिशोब वेगळा होता. वऱ्हाड-नागपूरचा कापूस दाराशी, वरोऱ्याचा कोळसा जवळ आणि माल हलवायला रेल्वे. कोरड्या हवेवर त्यांनी यंत्राचा उपाय केला. गिरणीत हवा ओलसर ठेवणारी उपकरणे बसवली. पुढे १९०६ मध्ये अमेरिकेतील स्टुअर्ट क्रॅमर या गिरणी-अभियंत्याने अशाच कामाला ‘एअर कंडिशनिंग’ हे नाव दिले. आज बँकेत आणि मॉलमध्ये आपल्याला गारवा देणारा हा शब्द मूळचा सूतगिरणीतला आहे, हे विद्यार्थ्यांना सांगण्यासारखे आहे.

म्हणजे हवामानाचा परिणाम धाग्यावर होतो, तो मोजता येतो आणि पैसे खर्च करून बराचसा टाळताही येतो. विसाव्या शतकाच्या आरंभी मात्र हवामानाचा हा न्याय धाग्यावरून उचलून थेट माणसाला लावला गेला. येल विद्यापीठातील भूगोलतज्ज्ञ एल्सवर्थ हंटिंग्टन यांचा ‘सिव्हिलायझेशन अँड क्लायमेट’ हा ग्रंथ १९१५ मध्ये निघाला. कनेक्टिकटच्या कारखान्यांतील कामगारांची कामावर ठरणारी मजुरी त्यांनी तापमानाशी ताडून पाहिली. माणूस उत्तम काम करतो तो सरासरी तापमान १५ ते १८ अंश सेल्सिअस असताना, असे त्यांना आढळले. इथवर ठीक. पुढे त्यांनी जगभरच्या संस्कृतींची ‘उंची’ दाखवणारा नकाशा काढला आणि तो हवामानाच्या नकाशाशी जुळतो असे दाखवले. पहिला नकाशा कशावरून काढला? पन्नासेक तज्ज्ञांना पत्रे लिहून मागवलेल्या मतांवरून! त्यांत बहुतेक जण युरोप-अमेरिकेचे. परीक्षक आणि पहिला आलेला विद्यार्थी एकच असल्यावर दुसरा काय निकाल लागणार?

हवामानाने भागले नाही की संस्कृतीकडे बोट दाखवले जाते. इथेही साक्षीला गिरणीच आहे. ग्रेगरी क्लार्क या अर्थशास्त्रज्ञाने १९८७ मध्ये एक लेख लिहिला. १९१० च्या सुमारास न्यू इंग्लंडमधला एक गिरणी कामगार दीड ब्रिटिश, २.३ जर्मन किंवा जवळजवळ सहा भारतीय, चिनी, जपानी वा ग्रीक कामगारांइतके काम करी, असा त्यांचा हिशोब होता. यंत्रे, व्यवस्थापन, प्रशिक्षण यांनी हा फरक पुरता उलगडत नाही, म्हणून कारण स्थानिक संस्कृतीत असावे, असा निष्कर्ष त्यांनी काढला.

मला त्यांचे आकडे मान्य आहेत, निष्कर्ष नाही. त्या सहाच्या यादीत जपान आहे. १९२४ मध्ये टोयोडांचा स्वयंचलित माग आला आणि १९२९ मध्ये त्याचे हक्क खुद्द लँकेशायरच्या प्लॅट ब्रदर्सने विकत घेतले. १९३३ मध्ये सुती कापडाच्या निर्यातीत जपानने ब्रिटनला मागे टाकले. पंचवीस वर्षांच्या आत जपानचे हवामान बदलले नव्हते, धर्मही नाही. बदलले होते ते कापसाचे मिश्रण, चात्या, माग आणि कामाची पद्धत. या यशात वसतिगृहांत जवळजवळ कोंडून ठेवलेल्या शेतकऱ्यांच्या मुलींच्या रात्रपाळ्याही होत्या, हे विसरू नये.

मुंबईचा कामगार पेरणीला गावी पळतो, त्याच्या अंगी गिरणीची शिस्त नाही, अशी मालकांची तक्रार असे. पण बदली कामगाराला सकाळी मुकादम घेईल की परत पाठवील याची शाश्वती नव्हती. आजारपणात रजेचा पगार नव्हता. म्हातारपणी कोकणातला जमिनीचा तुकडा हाच त्याचा विमा होता. तो टिकवायचा तर पेरणीला जायलाच हवे. दोनऐवजी तीन साचे सांभाळा असे सांगितल्यावर १९२८ मध्ये मोठा संप झाला. त्यातही आळसापेक्षा, हलक्या सुताचे तुटणारे धागे आणि शेजाऱ्याची जाणारी नोकरी यांचा विचार अधिक होता. याला संस्कृती म्हणायचे तर म्हणा. मी व्यवहार म्हणेन.

उष्णतेचा माणसावर काहीच परिणाम होत नाही, असे मात्र मी म्हणणार नाही. ई. सोमनाथन आणि सहकाऱ्यांनी २०२१ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात भारतातील कारखान्यांची आकडेवारी तपासली आहे. वर्षाचे तापमान एक अंशाने वाढले तर कारखान्याचे उत्पादन सुमारे २ टक्क्यांनी घटते, असे त्यांना दिसले. त्यांनी सुरतचे विणकाम आणि तयार कपड्यांचे कारखानेही पाहिले. जिथे कामाची जागा थंड ठेवली होती तिथे उकाड्याच्या दिवशीही हजर माणसांचे काम घटले नाही. गैरहजेरी मात्र तिथेही वाढलीच. मालकाने गार केली होती ती शेड. कामगाराची रात्र जाते ती त्याच्या खोलीवर.