चार मुलींची स्मृति

खुनाच्या हकीकतींत खुन्याचें नांव लोकांच्या ध्यानांत राहतें. बळी पडलेल्यांचीं नांवें क्वचितच स्मरतात. कारण उघड आहे. पोलिसांचें दप्तर, न्यायालयाचें कामकाज, वृत्तपत्रांचे रकाने हीं सारीं गुन्हेगाराच्या मागावर असतात. त्यांतून मृत माणूस कोवळ्या वयाचें असलें, तर त्याच्यामागें ना पराक्रम उरतो, ना ग्रंथ. उरतात तीं कांहीं छायाचित्रें आणि आईबापांच्या आठवणी. एवढ्याशा साहित्यावर इतिहास उभा राहूं शकतो काय?

राहूं शकतो, याचा दाखला अमेरिकेंत सांपडतो. अलाबामा राज्यांतील बर्मिंगहॅम शहरीं सोळाव्या रस्त्यावर कृष्णवर्णीयांचें एक बॅप्टिस्ट चर्च आहे. १९६३ च्या मे महिन्यांत समान हक्कांसाठीं शाळकरी मुलांचे मोर्चे तेथूनच निघाले, आणि त्यांच्यावर कुत्रे व पाण्याचे झोत सोडण्यांत आले. त्याच वर्षीं १५ सप्टेंबरला, रविवारीं सकाळीं, कू क्लक्स क्लॅन या वर्णद्वेष्ट्या संघटनेच्या माणसांनीं तेथें डायनामाइटचा स्फोट घडविला. अॅडी मे कॉलिन्स, सिंथिया वेस्ली व कॅरोल रॉबर्टसन या १४ वर्षांच्या, आणि डेनिस मॅकनेअर ही ११ वर्षांची, अशा चार मुली ठार झाल्या.

न्याय फार सावकाश आला. मध्यवर्ती तपास खात्यानें १९६८ मध्यें कोणावरही खटला न भरतां चौकशी बंद केली. पहिला आरोपी १९७७ मध्यें दोषी ठरला; दुसरा २००१ मध्यें, तिसरा २००२ मध्यें. चौथा संशयित त्यापूर्वींच, १९९४ मध्यें, मरण पावला होता.

१९९७ मध्यें स्पाइक ली यांनीं या घटनेवर अनुबोधपट काढला. ‘चार लहान मुली’ या अर्थाचें त्याचें नांवच त्याची दिशा सांगतें. त्यांत मोर्च्यांचीं जुनीं वार्ताचित्रें आहेत. परंतु त्यांच्या जोडीला घरगुती छायाचित्रें आहेत, आणि आप्तेष्टांनीं सांगितलेल्या लहानसहान गोष्टी आहेत. डेनिसचे वडील व्यवसायानें छायाचित्रकार होते. बाहुली घेतलेल्या लेकीचें त्यांनीं टिपलेलें चित्र आज जगाला परिचित आहे. वार्ताचित्रांत त्या काळचें शहर दिसतें. बापानें काढलेल्या चित्रांत मूल दिसतें.

याच चित्रपटांत शवागारांतील छायाचित्रेंही क्षणभर दिसतात. तीं दाखवावींत कीं नाहीं, हा प्रश्न खरोखर अवघड आहे. केवळ कुतूहलासाठीं प्रेताचें दर्शन घडविणें म्हणजे मृताची दुसऱ्यांदा विटंबना होय. परंतु मुलीचें हंसणें, खेळणें, रुसणें आधीं कळलें असेल, तर तेंच चित्र पाहणाऱ्याला लाज आणतें. जुन्या चित्रांचा उपयोग आणि दुरुपयोग यांतील भेद एवढाच: आधीं जीवन, मग मरण.

२०१७ मध्यें हा चित्रपट अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट-सूचींत जतनासाठीं निवडला गेला. ज्यांच्या मृत्यूची चौकशी एकदां सरकारी दप्तरांत मिटली होती, त्या चौघींचें बालपण आतां राष्ट्राच्याच ठेव्यांत जमा झालें आहे.