कुपा खाल्ल्यावर अंगावर पित्त उठले तर

मालवणच्या बाजारात कुपा किंवा गेदर म्हणून मिळतो तोच ट्यूना. तो खाल्ल्यावर तासाभरात चेहरा लाल झाला, खाज सुटली, डोके ठणकले, धडधडले किंवा जुलाब झाले, की घरात ‘पित्त उठलं’ म्हणून आमसुलाचे पाणी चोळतात. ही अ‍ॅलर्जीच असेल असे नाही. अनेकदा ती हिस्टामीनची विषबाधा असते.

कुपा, बांगडा, सुरमई यांच्या मांसात हिस्टिडीन भरपूर असते. मासा बर्फाविना राहिला की जीवाणू त्यापासून हिस्टामीन बनवतात. कुप्याचे अंग पाण्यापेक्षा गरम असते, म्हणून तो पकडताच गार करावा लागतो. एकदा तयार झालेले हिस्टामीन तळून, शिजवून किंवा नंतर बर्फात ठेवून जात नाही. वासही चांगला असू शकतो. जिभेला मिरमिरले तर घास टाका, पण आपल्या तिखट कालवणात ते कळणार कसे? बर्फातला मासाच घ्या आणि घरी आणताच फ्रिजमध्ये ठेवा.

तोच मासा खाऊन घरात आणखी कोणाला त्रास झाला का, हे डॉक्टरांना जरूर सांगा. दोघातिघांना झाला असेल तर ही विषबाधाच असण्याची शक्यता जास्त, आणि मग कायमचे मासे सोडावे लागत नाहीत. एकट्यालाच झाला असेल तर तपासणी होईपर्यंत मासे खाऊ नका.

क्षयरोगासाठी आयसोनियाझिड चालू असेल तर तेही सांगा. त्या औषधामुळे शरीरात हिस्टामीनचा निचरा कमी होतो व त्रास वाढतो. गोळी मात्र मनाने बंद करू नका.

बहुतेकांना अ‍ॅलर्जीवरच्याच गोळीने आराम पडतो आणि त्रास दिवसभरात ओसरतो. श्वास लागला, ओठ-जीभ सुजली किंवा भोवळ आली, तर घरी न थांबता थेट रुग्णालय गाठा.