फ्रायरच्या ग्रंथातील माहीम

मुंबई बेटांचा अंमल पोर्तुगीजांकडून इंग्रजांकडे येऊन दशकही लोटले नव्हते, तेव्हा, १६७३ साली, ईस्ट इंडिया कंपनीच्या चाकरीतला वैद्य जॉन फ्रायर येथे उतरला. त्याची प्रवासपत्रे १६९८ मध्ये लंडनला ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाली. माहीमविषयी लिहिताना पोर्तुगीजांचे चर्च, इंग्रजांचे जकातघर व पहाऱ्याची चौकी यांच्या जोडीला त्याने पिराची कबर नोंदवली. इतकेच नव्हे, तर येथे बसून केलेल्या प्रार्थनेने त्या पिराने मक्केतील आग शमवली, ही लोकश्रद्धाही टिपली. बंदरे आणि महसूल यांपुरतीच दृष्टी ठेवणाऱ्यास हे सुचले नसते. तो पीर म्हणजे कुराणाचे भाष्यकार मखदूम अली माहिमी. माहीमच्या इतिहासाच्या अभ्यासकाने फ्रायर मुळातून वाचावा.