चौकट आणि संहिता

पृष्ठावरील मजकुराभोवती ओढलेली रेषा ही केवळ शोभेची वस्तू होय, अशी समजूत सर्वत्र आढळते. संगणकावरील वर्डमध्ये मजकुराची चौकट, म्हणजे टेक्स्ट बॉक्स, घालणारा विद्यार्थी तिची काळी कड काढतो, आत फिकट रंग भरतो आणि काम संपले असे मानतो. परंतु आपल्या पृष्ठरचनेचा इतिहास पाहिला असता, आतील शब्द कोणाचा व बाहेरील कोणाचा हे सांगणे, हेच या रेषेचे मुख्य कार्य असल्याचे दिसते.

हस्तलिखित पोथीत तांबड्या रेघांनी समास राखीत. मूळ ग्रंथ व टीका एकाच पत्रावर लिहावयाची असता त्रिपाठ पद्धतीने मूळ मधोमध ठळक अक्षरांत, तर टीका त्याच्या वर व खाली बारीक अक्षरांत लिहीत. येथे चौकट सिद्ध होई ती अक्षराच्या आकाराने व मोकळ्या जागेने. (चुकीवर हरताळ लावीत; ‘हरताळ फासणे’ हा वाक्प्रचार त्याच व्यवहारातला.) समासातील टीप पुढील लेखकाने मूळ समजून आत घेतली, की संहिता बिघडे. अपपाठ साचण्याचे हे एक ठळक कारण होते. एकनाथांना शके १५०६ मध्ये, म्हणजे इ. स. १५८४ साली, ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध करावी लागली, यावरून अपपाठांची व्याप्ती लक्षात येते.

गणपत कृष्णाजींनी १८३१ साली शिळाछापावर पंचांग छापले, आणि पंचांग म्हणजे तर रकान्यांचीच वही. ६ जानेवारी १८३२ रोजी निघालेल्या ‘दर्पण’ने मराठी व इंग्रजी मजकूर शेजारशेजारच्या स्तंभांत ठेवला, त्या मांडणीतच दोन भाषांच्या समान दर्जाचा दावा होता, असे माझे मत आहे. खिळाछापात रेषेसाठी धातूची पट्टी मापाने कापून बसवावी लागे, त्यामुळे जुळारी ती विनाकारण घालीत नसे. निधनवार्तेची जाड काळी चौकट दुरूनही ओळखू येई. भांडारकर संस्थेच्या महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीत, जिचे संपादन १९६६ साली पूर्ण झाले, संहिता वर आणि पाठभेद खाली, अशी विभागणी प्रत्येक पृष्ठावर आहे. त्रिपाठ पोथीचाच हा शिस्तबद्ध वारस होय.

ज्या गावी हा लेख लिहिला जात आहे, त्या धामणगाव रेल्वेच्या नावातही ‘रेल्वे’ हे पद चौकटीचेच काम करते. ते या गावाला याच अमरावती जिल्ह्यातील धामणगाव गढीपासून निराळे काढते. अशा बाजारपेठेच्या गावी चौकटींचा खरा वापर पाहावयाचा तो लग्नपत्रिकेत. गणेशवंदन, वधूवर, मुहूर्त, निमंत्रक यांची घरे ठरलेली असतात, आणि ती मोडलेली कोणाही आजीला खपत नाहीत.

वर्डमधील चौकट मुळात पातळ काळ्या रेषेची व पांढऱ्या पार्श्वभूमीची येते. तिच्या आत डावी-उजवीकडे ०.१ इंच आणि वर-खाली ०.०५ इंच समास धरलेला असतो. देवनागरीस वरचा समास अपुरा पडतो, कारण शिरोरेषेच्याही वर मात्रा, रफार व अनुस्वार असतात. ओळींचे अंतर निश्चित मापाने बांधले तर ते कापलेही जातात. तेव्हा रंग बदलण्यापूर्वी समास वाढवावा.

याहून गंभीर गोष्ट निराळी आहे. ही चौकट मुख्य मजकुराच्या प्रवाहात नसून त्यावर तरंगते. शब्दगणनेत तिचा समावेश करावा की नाही, हेही निराळे सांगावे लागते. फाइल साध्या मजकुराच्या रूपात जतन केली, तर चौकटीतील शब्द गळण्याचा संभव असतो. पोथीत समासातील टीप संहितेत घुसे. येथे टीपच नाहीशी होते, आणि वाचकाला तिचा मागमूसही लागत नाही. रिद्धपूरच्या महानुभाव परंपरेतील एखाद्या पोथीचे पाठभेद जो विद्यार्थी अशा चौकटींत भरील, त्याचे वर्षाचे श्रम एका रूपांतरात जाऊ शकतात. पाठभेद तळटिपेत द्यावेत. रेषा हवीच असेल, तर परिच्छेदालाच किनार द्यावी. ती दिसावयास चौकटीसारखीच असते, आणि तिच्यातील शब्द संहितेच्या ओळीतच राहतात.